गुलामांचे खटले (वसाहतकालीन व्हर्जिनिया)

अमेरिकेतील व्हर्जिनिया या इंग्रज वसाहतीत १७ व्या आणि १८ व्या शतकांत गुलाम आफ्रिकी माणसांवर चाललेले खटले. कायदा गुलामाला मालमत्ता मानी. शिक्षेची वेळ आली की मात्र त्यालाच माणूस म्हणून जबाबदार धरी. या दुटप्पीपणाला न्याय म्हणता येत नाही.

१६४० मध्ये तीन नोकर मालकाकडून मेरीलँडला पळाले आणि पकडले गेले. तिघांनाही ३० फटके सुनावले गेले. त्यांतल्या दोघा गोऱ्यांची, एका डचाची आणि एका स्कॉटची, कराराने ठरलेली चाकरी चार वर्षांनी वाढली. तिसऱ्याला, जॉन पंचला, मरेपर्यंत चाकरी. गुन्हा एकच होता. निकालात त्याच्याबद्दल वेगळे नोंदलेले एवढेच, की तो ‘नीग्रो’ आहे. गुलामगिरीचा कायदा तेव्हा व्हर्जिनियात झालाही नव्हता.

क्वचित कोणी जिंकले, तर पुढच्यांची वाट बंद होई. गुलाम आफ्रिकी आईची मुलगी एलिझाबेथ की हिने आपले वडील इंग्रज असल्याच्या आधारावर १६५६ मध्ये स्वातंत्र्य मिळवले. १६६२ मध्ये कायदा आला : मुलाची स्थिती आईवरून ठरेल, म्हणजे आई गुलाम तर मूलही गुलाम. इंग्लंडात ती बापावरून ठरत असे. १६६९ च्या कायद्याने तर मालकाच्या मारहाणीत गुलाम मेला तरी तो गंभीर गुन्हा ठरेना. स्वतःची मालमत्ता कोणी मुद्दाम नष्ट करणार नाही, असे गृहीत धरले गेले.

१६९२ पासून देहदंडाच्या गुन्ह्यांसाठी गुलामांची वेगळी न्यायालये बसू लागली. तिथे ज्युरी नसे. निवाडा करीत परगण्यातले प्रतिष्ठित जमीनदार. गोऱ्याविरुद्ध काळ्याची साक्ष चालत नसे. गुलामावरच्या खटल्यात गुलामाची साक्ष घेत, पण १७२३ च्या कायद्यानुसार ख्रिस्ती नसलेल्या साक्षीदाराला आधी ताकीद वाचून दाखवायची : साक्ष खोटी ठरल्यास एक कान खोड्याच्या लाकडाला खिळ्याने ठोकला जाईल, तासभर तसेच उभे राहावे लागेल, मग तो कान कापला जाईल; नंतर दुसरा कान तसाच; वर ३९ फटके. हे ऐकून माणसाने तोंड उघडायचे.

फाशी सुनावल्यावर न्यायाधीश त्याच गुलामाची किंमत ठरवीत आणि १७०५ च्या कायद्याने ती रक्कम सरकारी तिजोरीतून मालकाला भरून मिळे. नाहीतर नुकसानीच्या भीतीने मालक गुन्हा दडपून ठेवतील, असा त्यामागचा हिशेब होता.