यू कान्ट टेक इट विथ यू (चित्रपट, १९३८)

फ्रँक काप्रा यांनी कोलंबिया पिक्चर्ससाठी दिग्दर्शित केलेला, कृष्णधवल काळातील अमेरिकन कौटुंबिक विनोदी बोलपट. जॉर्ज एस. कॉफमन आणि मॉस हार्ट यांच्या याच नावाच्या तीन अंकी नाटकावर तो आधारलेला असून पटकथा रॉबर्ट रिस्किन यांची आहे. शीर्षकाचा आशय ‘जाताना बरोबर काही नेता येत नाही’ असा.

मूळ नाटक १४ डिसेंबर १९३६ रोजी न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवरील बूथ थिएटरमध्ये रंगमंचावर आले. त्याचे ८००हून अधिक प्रयोग झाले आणि त्याला १९३७ चे पुलित्झर पारितोषिक मिळाले. चित्रपटाचे हक्क कोलंबियाने २ लाख डॉलरना घेतले, ही त्या काळी मोठीच रक्कम होती. चित्रपट झळकला तेव्हा ब्रॉडवेवर नाटकाचे प्रयोग चालूच होते.

कथा मार्टिन व्हँडरहॉफ या आजोबांच्या घरात घडते. धंद्याची धावपळ नकोशी झाल्याने त्यांनी एके दिवशी काम सोडले, ते कायमचे. घरात ज्याला जे आवडेल ते त्याने करावे, एवढाच नियम. मुलगी पेनी नाटके लिहिते, तीही एवढ्याचसाठी की कोणे एके काळी चुकून एक टंकलेखन यंत्र या घरी येऊन पडले. हस्तलिखिताची पाने उडू नयेत म्हणून त्यांवर जिवंत मांजराचे पिल्लू ठेवलेले असते. जावई पॉल तळघरात शोभेची दारू बनवतो. नात एसी कोलेंकॉव्ह या रशियन गुरूकडून बॅले शिकते, पण तिला नाच काही येत नाही. दुसरी नात अ‍ॅलिस तेवढी नोकरी करणारी, आणि तिचे प्रेम जडते ते बँकमालक कर्बी यांच्या मुलावर, टोनीवर. कर्बी दांपत्य ठरल्या दिवसाच्या आदल्याच रात्री येऊन थडकते, घर नेहमीच्या अवतारात असते, त्यातच पोलीस शिरतात, तळघरातली दारू उडते आणि यजमान-पाहुणे सगळ्यांचीच रवानगी कोठडीत होते.

रूपांतर म्हणून पाहता चित्रपटाने नाटकाचा तोल बराच बदलला आहे. नाटकात पहिल्यापासून शेवटपर्यंत एकच दिवाणखाना दिसतो; अटकेनंतरची रात्र प्रेक्षकाला पात्रांच्या बोलण्यातूनच कळते. रिस्किन यांनी तुरुंग आणि रात्रीचे न्यायालय प्रत्यक्ष दाखवले, आणि मुख्य म्हणजे कर्बी यांना नाटकात नसलेला एक हेतू दिला: युद्धसामग्रीच्या धंद्यात मक्तेदारी मिळवण्यासाठी प्रतिस्पर्ध्याच्या कारखान्याभोवतीची सारी जागा त्यांना हवी आहे, आणि नेमके आजोबांचे घर तिच्या आड येते. नाटकातले कर्बी हे थट्टेचे गिऱ्हाईक होते; चित्रपटात मात्र त्यांचे मनपरिवर्तन हाच कथेचा कणा बनतो आणि ते आजोबांसोबत माउथऑर्गन वाजवतात तेव्हा चित्रपटाची सांगता जवळ येते. कचेरीतले आकडेमोडीचे काम टाकून खेळणी बनवायला या घरी राहायला येणारे पॉपिन्स हे पात्रही चित्रपटातलेच. उलट, उपाहारगृहात वाढपीण म्हणून राबणारी आणि तिसऱ्या अंकात हशा पिकवणारी रशियन ग्रँड डचेस गाळली गेली.

या बदलांमुळे नाटकातील निखळ प्रहसनाला बोधाची जोड मिळाली. ती सर्वांनाच रुचेल असे नाही; न्यायालयात शेजारीपाजारी दंडासाठी टोपी फिरवतात तो प्रसंग हृद्य असला तरी त्यात काप्रा भावनेला जरा जास्तच हात घालतात. कॅमेरा दिवाणखान्यात असतो, एकाच वेळी चार-पाच जण आपापल्या उद्योगात गढलेले असतात आणि कोणाला कोणाची अडचण होत नाही, तेव्हा मात्र चित्रपट नाटकाइतकाच रंगतो. रीबा आणि डॉनल्ड या कृष्णवर्णीय पात्रांना दिलेले साचेबद्ध विनोद आज खटकतात.

आजोबांची भूमिका लायनेल बॅरिमोर यांनी केली. संधिवातामुळे त्यांना चालणे अवघड झाले होते, म्हणून जिन्याच्या कठड्यावरून घसरताना आजोबांचा पाय दुखावला अशी सबब कथेत घालण्यात आली आणि ते सबंध चित्रपटभर कुबड्यांवर वावरतात. जीन आर्थर (अ‍ॅलिस), जेम्स स्टुअर्ट (टोनी), एडवर्ड आर्नल्ड (कर्बी), स्प्रिंग बाइंग्टन (पेनी) आणि मिशा आवर (कोलेंकॉव्ह) हे इतर प्रमुख कलाकार. एसी झालेली अ‍ॅन मिलर त्या वेळी जेमतेम पंधरा वर्षांची होती. पुढे नामवंत नर्तिका ठरलेल्या या मुलीला इथे मुद्दाम वाईट नाचावे लागले. छायाचित्रण जोसेफ वॉकर यांचे आणि संगीत दिमित्री टिओमकिन यांचे आहे.

चित्रपटाला ७ ऑस्कर नामांकने मिळाली, त्यांत बाइंग्टन यांचे सहायक अभिनेत्रीसाठीचे नामांकन होते. सर्वोत्कृष्ट चित्रपट आणि सर्वोत्कृष्ट दिग्दर्शन ही दोन पारितोषिके प्रत्यक्ष पदरात पडली. दिग्दर्शनाचे काप्रा यांचे हे तिसरे ऑस्कर. मूळ नाटक अमेरिकेतील शाळा आणि हौशी नाट्यसंस्था अजूनही बसवतात, कारण त्याला नेपथ्य एकच लागते आणि भूमिका पुष्कळांना मिळतात.