जिथे कॅमेरा नव्हता

रेआ ताजिरी या जपानी-अमेरिकी दिग्दर्शिकेच्या डोळ्यांपुढे लहानपणापासून एक दृश्य तरळत असे. वाळवंट, रणरणतं ऊन आणि बाटलीत पाणी भरून घेणारी आई. हे तिनं कधी पाहिलेलं नव्हतं. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेनं जपानी वंशाच्या सुमारे १,२०,००० लोकांना छावण्यांत डांबलं. तिची आई ॲरिझोनातल्या पोस्टन छावणीत होती. तिथे कॅमेरा बाळगायला बंदी होती, आणि आईला विचारावं तर त्या दिवसांतलं फारसं काही आठवतच नव्हतं. शेवटी १९९१ च्या ‘हिस्ट्री अँड मेमरी’ या माहितीपटात ताजिरीनं ते दृश्य स्वतःच उभं केलं.

माहितीपटात असं चालतं का? माहितीपटाची सगळी पत ‘कॅमेऱ्यानं पाहिलंय’ या एका वाक्यावर उभी होती. तिला मोठा तडा गेला तो १९५५ साली फ्रेंच दिग्दर्शक आलँ रेनेनं नात्सी छळछावण्यांवर माहितीपट केला तेव्हा. गवत वाढलेल्या ओसाड छावण्यांचं रंगीत चित्रण आणि जुनी कृष्णधवल दृश्यं त्यानं शेजारी शेजारी ठेवली. निवेदन लिहिलं जाँ केरोलनं, जो स्वतः छावणीतून वाचला होता. त्यातल्या एका छायाचित्रात पहाऱ्यावरच्या फ्रेंच पोलिसाची टोपी दिसत होती. फ्रेंचांचाही हात दाखवणारी ती टोपी फ्रेंच सेन्सॉरनं झाकायला लावली. माझ्या मते आठवणींवर उभ्या राहिलेल्या माहितीपटांच्या साऱ्या परंपरेचं मूळ त्या टोपीत आहे. पुरावाही पुसता येतो हे एकदा कळल्यावर माणसाच्या आठवणीला साक्षीत जागा द्यावीच लागते.

१९६० च्या उन्हाळ्यात पॅरिसमध्ये जाँ रूश आणि एद्गार मोराँ यांनी आपल्या माहितीपटात ती जागा दिली. छावणीतून परतलेली मार्सेलिन लोरिदाँ खांद्याला टेपरेकॉर्डर अडकवून एकटीच चालत राहते आणि परत न आलेल्या वडिलांशी हलक्या आवाजात बोलते. कॅमेरा तिच्यापासून लांब लांब जातो, आवाज मात्र कानाशीच राहतो. सहज वाहून नेता येईल असं ध्वनिमुद्रणयंत्र आलं नसतं, तर हे शक्यच नव्हतं.

लिथुएनियातून परागंदा झालेला चित्रपटकार योनास मेकस १९४९ मध्ये न्यूयॉर्कला पोहोचला आणि काही आठवड्यांतच उसन्या पैशांनी त्यानं बोलेक्स कॅमेरा घेतला. चावीवर चालणारा हा कॅमेरा एका चावीत जेमतेम अर्धा मिनिट चाले. त्यामुळे त्याची चित्रित रोजनिशी तुटक, थरथरती झाली; आठवणही अशीच तुकड्यातुकड्यांनी येते. गाव सोडल्यापासून २७ वर्षांनी, १९७१ मध्ये, तो तिथे आईला भेटला तेव्हाही हातात बोलेक्स होताच.

ताजिरीच्या आईकडे एक छोटा लाकडी पक्षी होता, आजीनं दिलेला. लहानपणी मागूनही तो ताजिरीला मिळाला नव्हता. पुढे अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागारात छायाचित्रांची एक पेटी चाळताना तिला त्यात आजी सापडली, छावणीत पक्षी कोरायला शिकवणाऱ्या वर्गात बसलेली.