नवी रिंग घालण्याआधी
बिल्ड-सल्ला घेणाऱ्या ग्राहकांसाठी माहितीपत्रक

आमच्याकडून पाथ ऑफ एक्झाइल या व्हिडिओ गेमचा बिल्ड (कॅरेक्टरची स्किल, पॅसिव्ह ट्री आणि वस्तू यांची ठरवून दिलेली जुळणी) नेला की चौथ्या-पाचव्या दिवशी एक ठरलेला मेसेज येतो. "बिल्ड चालत नाही, सारखा मरतोय." आम्ही कॅरेक्टर उघडून बघतो. ट्री आमची असते, स्किल आमचं असतं, पण अंगावरच्या दोन-तीन वस्तू आमच्या यादीत कधीच नव्हत्या. विचारलं की उत्तर येतं, "ती रिंग होय? मॅपमध्ये पडली. आधीच्यापेक्षा भारी होती, म्हणून घातली."

हे पत्रक त्या "भारी होती म्हणून"साठी काढलंय. पॅसिव्ह ट्री म्हणजे काय, जेम कुठे बसवतात, हे तुम्हाला ठाऊक आहे असं धरून चाललोय. आकडे पहिल्या पाथ ऑफ एक्झाइलचे आहेत. दुसऱ्या भागाचे काही हिशेब वेगळे आहेत, तो खेळत असाल तर आधी तसं सांगा.

एका रिंगने काय काय हललं

एका ग्राहकाचं उदाहरण देतो. धनुष्यवाली रेंजर, लेव्हल ८४. जुन्या रिंगवर ५५ लाइफ, ३२ टक्के फायर रेझिस्टन्स आणि ३४ स्ट्रेंग्थ. दिसायला अगदीच सामान्य. नव्या रिंगवर लायटनिंग डॅमेज आणि ॲक्युरसी. घातली आणि टूलटिपवरचा (स्किलवर माउस नेला की दिसणाऱ्या चौकटीतला) डॅमेजचा आकडा वाढला. भाऊ खूश.

फायर रेझिस्टन्स मात्र ७५ वरून ४३ वर आला. "३२च तर कमी झाला" असं वाटतं, पण रेझिस्टन्स मोजायचा असतो अंगावर काय येतं त्यावरून. ७५ असताना शंभरातले २५ लागतात, ४३ असताना ५७. म्हणजे मार दुपटीहून जास्त. ३००० चा आगीचा फटका आधी ७५० ने लागायचा, आता १७१०. चार हजार लाइफ असलेली रेंजर आधी असे पाच फटके झेलून उभी राहायची, आता तिसऱ्याला आडवी.

गोष्ट इथेच संपत नाही. ती ३४ स्ट्रेंग्थ डिटर्मिनेशन या आर्मर वाढवणाऱ्या स्किलच्या जेमला लागत होती. स्ट्रेंग्थ कमी पडली, जेम बंद झालं आणि आर्मर कोसळला. स्क्रीनच्या वरच्या कोपऱ्यातून एक छोटं चिन्ह गायब झालं, ते ग्राहकाला दिसलंच नाही. त्याचं लक्ष टूलटिपवर होतं. मग तो मरत राहिला. कॅम्पेन (दहा अंकांची मूळ कथा) संपल्यानंतर प्रत्येक मरणाला त्या लेव्हलच्या अनुभवाचे १० टक्के जातात. लेव्हल खाली येत नाही, पण दोन संध्याकाळी खेळून पट्टी होती तिथेच.

त्यावर त्याने काय करावं? आणखी डॅमेजसाठी नवे ग्लव्ह्ज घेतले. आमच्यापर्यंत आला तेव्हा ट्रीमधले नऊ पॉइंटही हलवून झाले होते. एक रिंग परत घालायला दहा सेकंद लागतात. हे सगळं उसवून पुन्हा शिवायला आमचे दोन तास गेले आणि त्याचे ऑर्ब ऑफ रिग्रेट, म्हणजे ट्रीतले पॉइंट परत काढायला लागणारं चलन.

यादीतल्या 'साध्या' वस्तू साध्या का असतात

पाचवा अंक संपला की सगळे रेझिस्टन्स ३० ने घटतात, दहावा संपला की आणखी ३० ने. म्हणजे शून्यावर असलेलं कॅरेक्टर उणे ६० वर जातं. फायर, कोल्ड आणि लायटनिंग या प्रत्येकात ७५ ची मर्यादा गाठायची तर १३५ टक्के कुठून तरी आणावे लागतात. तिन्हींचे मिळून ४०५. वर केऑस हा चौथा रेझिस्टन्स आहेच, तोही उणे ६० मध्ये. हे ४०५ हेल्मेट, बूट, ग्लव्ह्ज, बेल्ट, रिंग, ॲम्युलेट असे वाटून बसवलेले असतात. आम्ही बूट निवडतो तेव्हा रिंग डोळ्यांसमोर असते. म्हणून आमच्या यादीतली एखादी वस्तू एकटी बघितली तर खोगीरभरती वाटते. ती एकटी बघायची नसते.

वस्तू बदलूच नका असं आम्ही म्हणत नाही. लूट घालायचीच नसेल तर हा खेळ खेळायचा कशाला? फक्त घालण्याआधी 'सी' दाबा, बचावाचं पान उघडा, तिन्ही रेझिस्टन्सचे आकडे बघा, वस्तू घाला, परत बघा. एकही आकडा ७५ खाली गेला किंवा एखादं जेम लाल झालं, तर ती वस्तू अजून तुमची नाही. तिला स्टॅशमध्ये ठेवा आणि आम्हाला विचारा. बऱ्याचदा उत्तर असतं, "घाला, पण आधी बेल्ट बदला."

आमच्या प्रत्येक यादीत 'हलवायचं नाही' असा एक रकाना असतो. कुठली वस्तू कशासाठी ठेवली आहे ते तिथे लिहिलेलं असतं, 'स्ट्रेंग्थसाठी', 'कोल्डसाठी' असं. सगळ्यात कमी वाचला जाणारा रकाना तोच.

राइटियस फायर या स्किलचा बिल्ड नेलेल्यांनी तर तो दोनदा वाचावा. ही आग शत्रूसोबत तुम्हालाही जाळते. दर सेकंदाला कमाल लाइफच्या ९० टक्के इतकं फायर डॅमेज, रेझिस्टन्स धरण्याआधी. रेझिस्टन्स ७५ असेल तर सेकंदाला साडेबावीस टक्के लाइफ जळतं, ८० असेल तर १८. वरच्या रेंजरसारखा तो ४३ वर आणलात तर निम्म्याहून जास्त. लाइफ एकवर आलं की ही आग विझते, पण मग मरायला राक्षसाचा एक ओरखडा पुरतो.

टूलटिपचा मोह

"४० टक्के वाढ असलेलं जेम मिळालं, तुमच्या जेमच्या जागी लावू का?" हाही नेहमीचा प्रश्न. आधी शब्द वाचा, इन्क्रीझ्ड आहे की मोअर. सगळे इन्क्रीझ्ड एकमेकांत मिळवले जातात. तुमच्याकडे ३०० टक्के इन्क्रीझ्ड आधीच असेल तर तुम्ही मूळ डॅमेजच्या चौपट मारताय. त्यात ४० मिळवले की ४.४ पट, म्हणजे खरी वाढ १० टक्के. मोअर मात्र शेवटी वेगळा गुणला जातो, ४० म्हणजे ४०. आमच्या यादीतलं २५ टक्के मोअर काढून ४० टक्के इन्क्रीझ्ड बसवणारे दर लीगला (खेळाच्या प्रत्येक नव्या हंगामाला) भेटतात.

आर्मरबद्दलही एक गैरसमज असतो. दहा हजार आर्मर असताना १००० च्या शारीरिक फटक्यातला दोन-तृतीयांश भाग कापला जातो. ५००० च्या फटक्यात तोच आर्मर जेमतेम २९ टक्के कापतो. सूत्रच तसं आहे, फटका जितका मोठा तितका आर्मर पांगळा. गर्दी साफ करताना अंगाला ओरखडा येत नाही आणि बॉसच्या एका दणक्यात खेळ खल्लास, त्याचं कारण हे. म्हणून आम्ही एकाच बचावावर भिस्त ठेवत नाही.

आम्ही कुठले बिल्ड देतो

लीगच्या पहिल्या आठवड्यासाठी विचाराल तर टोटेम, मिनियन किंवा इग्नाइट सुचवू, म्हणजे तुम्ही पळत असताना मार चालू राहील असं काहीतरी. व्हिडिओत एका क्लिकमध्ये पडदा रिकामा करणारा बिल्ड मागायला लोक येतात. तो बिल्ड खोटा नसतो. त्याच्या अंगावरचं गिअर मात्र कित्येक आठवड्यांच्या व्यापाराचं असतं. लेव्हल ६८ ला त्याची ट्री उचलून लावणं म्हणजे आधी कळस, मग पाया. त्या ट्रीत लाइफचे पॉइंट कमी दिसतात, कारण ते त्याच्या वस्तूंवर असतात. तुमच्या वस्तूंवर नसतात. म्हणून आम्ही तीन टप्प्यांची ट्री देतो: कॅम्पेन, पहिले मॅप (कॅम्पेननंतर खेळायचे भाग) आणि त्यानंतरची. तिसरा टप्पा आधी उघडू नका. दोन वेगवेगळ्या गाईडचे अर्धे-अर्धे तुकडेही जोडू नका. दोन चांगल्या सदऱ्यांची एकेक बाही शिवून तिसरा सदरा होत नाही.

गेल्या लीगचा बिल्ड परत वापरायचा असेल तर जरूर वापरा, पण पॅच नोट्स (खेळातल्या बदलांची यादी) आल्यावर आम्हाला एकदा दाखवा. लीग साधारण तीन-चार महिन्यांनी बदलते आणि गेल्या खेपेचं लाडकं स्किल छाटलं जाणं हे ठरलेलंच. आमच्याकडून आधी घेतलेल्या बिल्डची ही तपासणी आम्ही वेगळे पैसे न घेता करतो.

"इतके प्रश्न कशाला विचारता?"

हे ऐकून घेतो आम्ही. रोज किती वेळ खेळता, व्यापार करता की सगळं स्वतः शोधता, हार्डकोअर (एकदा मेलं की कॅरेक्टर त्या लीगमधून बाहेर) की साधी लीग, मनगट दुखतं का, एवढं विचारल्याशिवाय बिल्ड देत नाही. उत्तरं न घेता तयार बिल्ड देता येतो, पण मग ते उंटावरून शेळ्या हाकणं झालं. मनगट दुखणाऱ्याला सेकंदाला चार बटणं दाबायला लावणारा बिल्ड कितीही दमदार असला तरी त्याच्या कामाचा नाही.

पासवर्ड आम्ही मागत नाही आणि दिलात तरी घेत नाही. तुमच्या खात्यात शिरून आम्ही लेव्हल वाढवून देत नाही, गेममधलं चलन विकतही नाही. दोन्ही खेळाच्या नियमांविरुद्ध आहे आणि बंद होणार ते तुमचं खातं. यावरून काही गिऱ्हाइकं रुसून दुसरीकडे गेली. जाऊ देत.

आमचीही एक चूक सांगून टाकतो. एकदा पाथ ऑफ बिल्डिंग या बिल्डचा हिशेब मांडणाऱ्या प्रोग्रामात काम करताना कॉन्फिगरेशनच्या पानावर पॉवर चार्जेसची (तात्पुरती ताकद देणाऱ्या चार्जची) खूण चुकून तशीच राहून गेली. त्या कॅरेक्टरला चार्ज मिळण्याचा मार्गच नव्हता. कागदावर जो डॅमेज दिसत होता, त्यापेक्षा खेळात कितीतरी कमी निघाला. ग्राहकाचं म्हणणं बरोबर होतं, फी परत केली. तेव्हापासून डॅमेजचा आकडा देताना आम्ही कुठल्या खुणा केल्या आहेत ते सोबत लिहून देतो. फ्लास्क चालू आहेत का, शत्रू साधा धरलाय की बॉस, सगळं. इतर कोणी तुम्हाला कोटींचे आकडे दाखवले तर हेच पान उघडून दाखवायला सांगा.

अडचण आली तर काय पाठवायचं

पाथ ऑफ बिल्डिंगचा कोड पाठवा. स्क्रीनचा मोबाइलवर काढलेला तिरका फोटो नको, त्यात ना ट्री दिसते ना जेमच्या लेव्हल. कॅरेक्टर त्यात इंपोर्ट करायचं तर प्रोफाइलमधला कॅरेक्टर टॅब सार्वजनिक असावा लागतो, तेवढं तपासा. कशाने मेलात हे आठवत असेल तर लिहा. "आगीच्या मॅपमध्ये, बॉसपाशी" एवढंही पुरतं. आणि बिल्ड घेतल्यापासून काय काय बदललं ते खरं खरं सांगा. आम्ही रागावत नाही. कोड उघडला की दिसतंच, फक्त शोधायला वेळ जातो.

बिल्डसोबत दोन आठवड्यांची तपासणी आहे, त्यात कितीही वेळा विचारा. लीग सुरू होण्याआधीच्या आठवड्यात आमच्याकडे रांग लागते. नव्या लीगसाठी बिल्ड हवा असेल तर पॅच नोट्सची वाट बघत बसू नका, आधी नाव नोंदवा. नोट्स आल्यावर यादी आम्ही दुरुस्त करून देऊ. आणि जुनी रिंग विकू नका, निदान आम्ही नवी बघेपर्यंत.