कोकणातला पाऊस: सरासरी कोणत्या काळातली?

२०२३ मध्ये मोसमी पाऊस ११ जूनला रत्नागिरीपर्यंत आला आणि तिथेच अडून बसला. मुंबईत तो पोचला थेट २५ जूनला. दोन वर्षांनी, २०२५ मध्ये, देवगडात तो २५ मेला दाखल झाला आणि मुंबईत २६ मेला. आगोटीची, म्हणजे पावसाळ्याआधीची, खरेदी बाकी, कौलं परतायची राहिलेली, आणि झाडावर आंबा. एका महिन्याचा फरक. दोन्ही वर्षी मुंबईची सरासरी तारीख मात्र एकच धरलेली होती: ११ जून. ही तारीख आली कुठून, आणि तिच्यावर किती भिस्त ठेवायची, हे कळण्यासाठी थोडं मागे जावं लागतं.

मिरगाचं, म्हणजे मृग नक्षत्रावरून पाऊस धरण्याचं, गणित सगळ्यांना ठाऊक आहे, ते इथे उगाळत नाही. उपकरणांनी मोजणी कोकणपट्टीत तशी लवकर सुरू झाली. कुलाब्याची वेधशाळा १८२६ची. मूळ काम ताऱ्यांचं आणि अचूक वेळ ठेवण्याचं. हवेच्या आणि भूचुंबकत्वाच्या नियमित नोंदी १८४१पासून. पुढे मुंबईत विजेवरच्या ट्राम येणार म्हटल्यावर चुंबकीय नोंदी बिघडतील म्हणून तेवढं काम १९०४ मध्ये अलिबागला गेलं. मुंबईत समुद्राच्या पातळीची नोंद १८७८पासून आहे. देशाचं हवामान खातं १८७५ मध्ये उभं राहिलं आणि १८८६ला त्याने हिमालयातल्या बर्फावरून पहिलं मोसमी अनुमान काढलं. म्हणजे इथे वही आधी उघडली, खातं नंतर आलं.

या जुन्या काळाबद्दल एक सावधगिरी बाळगायला हवी. जून १८८२ मध्ये मुंबईत चक्रीवादळाने एक लाख माणसं मेली, असं वादळांच्या याद्यांमध्ये वर्षानुवर्षं छापलं गेलं आणि आजही फिरतं. अलीकडे संशोधकांनी खोलात जाऊन तपासलं, तर असं वादळ झाल्याचा पुरावाच मिळाला नाही. १८५४ आणि १९४८ची वादळं मात्र खरी. 'पूर्वी याहून भयंकर झालंय' असं कोणी म्हणालं की आधी वर्ष विचारावं.

खरा गुंता हवामान खात्याच्या २०२०च्या निर्णयात आहे. तोपर्यंत पाऊस येण्या-जाण्याच्या ज्या 'सर्वसाधारण' तारखा वापरात होत्या, त्या १९०१ ते १९४० या काळातल्या १४९ केंद्रांच्या नोंदींवरून काढलेल्या होत्या. आजोबांच्या काळचा पाऊस, आणि त्यावर नातवाचा अंदाज. २०२०ला त्या बदलल्या: आगमनासाठी १९६१ ते २०१९, माघारीसाठी १९७१ ते २०१९. केरळची १ जून जागची हलली नाही. मुंबईचं आगमन १० जूनवरून ११ जूनला गेलं, फक्त एक दिवस. माघार मात्र २९ सप्टेंबरवरून ८ ऑक्टोबरवर गेली. नऊ दिवस!

बदलाच्या बाजूचं म्हणणं सरळ आहे. पट्टी जुनी झाली होती. आताच्या पावसाला आताच्याच नोंदी लावल्या पाहिजेत, म्हणजे पेरणीपासून धरणाचे दरवाजे उघडण्यापर्यंतचे बेत नीट करता येतील. यात खोटं काही नाही. पण कोकणात बातमी झाली ती आगमनाची, 'एकच दिवस तर सरकला' अशी. माघारीच्या नऊ दिवसांकडे फारसं कोणी पाहिलं नाही. हळवं, म्हणजे लवकर तयार होणारं, भात सप्टेंबरअखेरीला, ऑक्टोबरच्या सुरुवातीला कापणीला येतं. कापून शेतात वाळत टाकलेल्या भातावर पाऊस पडला की दाण्याला कोंब येतो आणि पेंढा कुजतो. जुन्या तारखेप्रमाणे ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यातला हा पाऊस उशिरा रेंगाळलेला ठरत होता. नव्या तारखेप्रमाणे तो वेळेवरचा झाला. पाऊस तोच, नुकसान तेच. बदलली फक्त त्याची नोंद कोणत्या रकान्यात करायची ती रीत.

त्यात आणखी एक पाचर आहे. पावसाळ्याची बेरीज अजूनही १ जून ते ३० सप्टेंबर अशीच होते. माघारीची तारीख ८ ऑक्टोबर झाली, तरी ५ ऑक्टोबरचा पाऊस हंगामाच्या आकड्यात नाही. उलट्या टोकालाही तेच. मे २०२५ मध्ये कुलाब्याला २९५ मिमीहून जास्त पाऊस झाला आणि १९१८चा मे महिन्याचा विक्रम मोडला. मोसमी पाऊस २६ मेला आला असं जाहीर झालं, पण महिनाअखेरपर्यंतचा सगळा पाऊस जमा झाला मोसमपूर्व खात्यात. तारखा एका हिशेबाने आणि बेरीज दुसऱ्या हिशेबाने, असं किती काळ चालवायचं, याचं उत्तर निर्णय घेणाऱ्यांनी द्यायला हवं होतं.

हंगामाच्या आकड्याचंही तसंच. सरकारी नकाशात 'कोकण आणि गोवा' हा एकच उपविभाग आहे आणि चार महिन्यांची सरासरी सुमारे २९०० मिमी. सरासरीच्या १९ टक्के वर किंवा खाली झाला, तरी पाऊस 'सर्वसाधारण' म्हणायचा. २९०० मिमीचे १९ टक्के म्हणजे साडेपाचशे मिमी. माणदेशात एवढा पाऊस अख्ख्या वर्षात पडला तर लोक खूश असतात; आपल्याकडे तो इकडचा तिकडे झाला तरी नकाशाचा रंग बदलत नाही. २०२२ला देशाची दीर्घकालीन सरासरी १९६१–२०१० ऐवजी १९७१–२०२० या काळावर आणली, ८८ सेंमीची ८७ सेंमी झाली. दर दशकात आधार पुढे सरकतो आणि झालेल्या बदलाचा एक तुकडा सरासरीच्या पोटात जातो.

कोकणात जे बदललंय, ते बेरजेत दिसत नाही. ते दिवसांमध्ये आणि तासांमध्ये दिसतं. २६ जुलै २००५च्या चोवीस तासांत सांताक्रूझला ९४४ मिमी आणि त्याच शहरात कुलाब्याला जेमतेम ७४. तेव्हा मुंबईत पावसाचे ढग टिपणारं डॉप्लर रडार नव्हतं. त्याच पावसात महाड तालुक्यात जुई, दासगाव, रोहन, कोंडिवते इथे दरडी आल्या. २२ जुलै २०२१ला चिपळूण बुडालं आणि तळियेवर डोंगर आला; १९ जुलै २०२३ला इर्शाळवाडीवर. मध्य भारताच्या पट्ट्यात मोठ्या क्षेत्रावर कोसळणाऱ्या अतिवृष्टीच्या घटना १९५० ते २०१५ या काळात तिपटीने वाढल्याचं एका अभ्यासात आढळलं, आणि त्याचा धागा अरबी समुद्राकडून येणाऱ्या बाष्पाशी जोडला गेला. हा समुद्र तापतोय. १९८२–२००० च्या तुलनेत २००१–२०१९ मध्ये त्यातली चक्रीवादळं ५२ टक्क्यांनी वाढली, बंगालच्या उपसागरात थोडी घटली. फयान (२००९), क्यार (२०१९), निसर्ग (२०२०), तौक्ते (२०२१) ही नावं किनाऱ्यावर सांगावी लागत नाहीत. निसर्गाने श्रीवर्धन-मुरूडच्या सुपारीच्या बागा आडव्या केल्या, आणि सुपारी पुन्हा धरायला वर्षं जातात.

उष्म्याबद्दल थोडक्यात. किनाऱ्यावर उष्णतेची लाट म्हणायला पारा ३७ अंशांवर आणि सरासरीपेक्षा किमान साडेचार अंश चढा लागतो. घामाने जीव नकोसा करणारी दमट हवा या निकषात नाही. मार्च २०१७ मध्ये रायगडातल्या भिऱ्याला ४६.५ अंशांची नोंद झाली आणि त्या आकड्यावरच शंका आली.

आता या सगळ्याला पैशाची बाजू जोडली गेली आहे. हवामानावर आधारित फळपीक विम्यात बागेत किती आंबा गळला याला महत्त्व नसतं. महसूल मंडळातल्या स्वयंचलित हवामान केंद्राने काय नोंदवलं याला असतं. केंद्र कातळावर आणि बाग खाली वहाळाच्या कडेला असेल, तर दोघांचं हवामान एक नसतं. कोणता धोका कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत धरायचा, हेही आधीच ठरलेलं. या मुदती जुन्या ऋतूवर बेतलेल्या असतील आणि पाऊस २५ मेला येणार असेल, तर मेअखेरीच्या आंब्याची नुकसानी कोणत्या कलमात बसवायची, यावर बागायतदार आणि अधिकारी यांच्यात दर हंगामाला वाद होतो.