गडग्याचा वाद आणि पोलीस ठाणे: अर्ज कसा करायचा, कोणते कागद न्यायचे

शेजाऱ्याने गडगा (हद्दीवरची दगडी भिंत) आत सरकवला, कलमांच्या बागेत कुंपण घातलं किंवा पाणंद (शेतात जाणारी वाट) अडवली, की रत्नागिरी-सिंधुदुर्गात पहिली धाव पोलीस ठाण्याकडे जाते. तिथे "ही दिवाणी बाब आहे" असं ऐकायला मिळतं. हे निम्मंच खरं आहे. जमीन कुणाची आणि हद्द कुठली हे पोलीस ठरवू शकत नाहीत. पण मारहाण, धमकी, तोडफोड, जबरीने आत घुसणं यांची दखल त्यांनी घ्यायलाच हवी. त्यामुळे अर्जात हक्काचा इतिहास कमी आणि घडलेली घटना जास्त लिहा.

तारीख, वेळ, वाडी, सर्व्हे व हिस्सा नंबर, कोण आलं, हातात काय होतं, काय बोललं, किती फूट गडगा पाडला, किती झाडं तोडली, कोणी पाहिलं, हे सगळं अर्जात यायला हवं. "अतिक्रमण केले आहे, कारवाई व्हावी" एवढंच लिहिलेला अर्ज तिथेच पडून राहतो. सोबत ताजा सातबारा, आठ-अ (खातेउतारा), असल्यास मोजणीची 'क' प्रत (मोजणीच्या नकाशाची प्रत) आणि फोटो जोडा. दुखापत झाली असेल तर आधी पोलिसांकडून यादी (तपासणीसाठी रुग्णालयाला दिलेलं पत्र) घेऊन सरकारी रुग्णालयात तपासणी करून घ्या. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर पोच घ्यायला विसरू नका.

तक्रार फक्त मालकानेच करावी असं नाही. कूळ किंवा बागेचा राखणदारही करू शकतो, आणि डोळ्यांदेखत पाहिलेल्याचा जबाब जास्त वजनदार असतो. मालक मुंबईत असेल तर दखलपात्र गुन्ह्याची (ज्यात दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय पोलीस तपास करू शकतात) माहिती तिथल्या ठाण्यातही देता येते. इलेक्ट्रॉनिक मार्गाने दिली तर 3 दिवसांत सही करावी लागते.

गुन्हेगारी हेतूने केलेला अतिक्रमण-प्रवेश, म्हणजे भारतीय न्याय संहितेचं कलम 329, दखलपात्र आहे. त्यावर एफआयआर होतो आणि त्याची प्रत फुकट मिळते. साधी दुखापत किंवा शिवीगाळ मात्र अदखलपात्र. तिची नोंद (एनसी) भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 174 खाली होते आणि दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय पोलीस तपास करू शकत नाहीत. एनसी झाली म्हणजे कारवाई सुरू झाली, असं धरून कित्येक जण महिनोन्‌महिने थांबतात. एफआयआर नाकारला तर त्याच संहितेच्या कलम 173(4) प्रमाणे पोलीस अधीक्षकांना लेखी, शक्यतो रजिस्टर पोस्टाने कळवा. तिथेही दाद लागली नाही तर दंडाधिकारी.

ताब्यावरून शांतताभंगाची भीती असेल तर नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 164 सर्वांत उपयोगी. पोलिसांच्या अहवालावरून कार्यकारी दंडाधिकारी एवढंच पाहतात की प्रत्यक्ष ताबा कुणाचा होता. अहवालाआधीच्या 2 महिन्यांत जबरीने ताबा काढला असेल, तर तो तुमचाच धरता येतो. म्हणून मे महिन्यात घडलेलं गणपतीला गावी आल्यावर सांगू नका. पंपाचं वीजबिल, आंबा विक्रीच्या पावत्या, मजुरीच्या नोंदी इथे कामी येतात. दिवाणी दावा आधीच चालू असेल तर मनाई हुकूम तिथेच मागा.

हद्दीसाठी उपअधीक्षक, भूमी अभिलेख यांच्याकडे हद्द कायम मोजणीचा अर्ज करा. त्यात लगतधारकांची (लागून जमीन असलेल्यांची) नावं-पत्ते अचूक हवेत. नोटीस न मिळालेला शेजारी पुढे मोजणीवरच हरकत घेतो. कोकणात खरी अडचण सामाईक (अनेकांच्या नावावरच्या) सातबाऱ्याची. सहहिस्सेदारांची संमती नसेल तर पोटहिस्सा मोजणी (प्रत्येकाचा हिस्सा वेगळा मोजणं) अडते, आणि त्यातले निम्मे लोक गावाबाहेर असतात. संमतिपत्रं आधीच गोळा करा. पावसाळ्यात रान माजलं की हद्दीचे जुने दगड सापडत नाहीत, तेव्हा अर्ज दिवाळीनंतर लगेच करावा. मोजणी मान्य नसेल तर निमताणा मोजणी (वरिष्ठांकडून फेरतपासणी) मागता येते.

वहिवाटीची वाट किंवा पाणी अडवलं असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 च्या कलम 5 खाली तहसीलदारांकडे जायचं, अडथळा झाल्यापासून 6 महिन्यांत. ताबाच हिसकावला गेला असेल तर विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम 6 चा दिवाणी दावाही 6 महिन्यांतच लावावा लागतो.

ठाण्यात बसवून "मिटवून टाका" म्हणून पुढे केलेल्या कागदावर वकिलाला दाखवल्याशिवाय सही करू नका. त्याने मालकी बदलत नाही, पण हद्द कबूल केल्याचा पुरावा म्हणून तोच कागद पुढे तुमच्याविरुद्ध उभा राहतो.