फंगल इन्फेक्शनचं डायग्नोसिस कोडिंग

डॉक्टरांनी केसपेपरवर लिहिलेलं बुरशीच्या आजाराचं निदान आयसीडी या आंतरराष्ट्रीय यादीतल्या ठरलेल्या कोडमध्ये बसवणं, याला फंगल इन्फेक्शनचं कोडिंग म्हणतात. यादी सांभाळते डब्ल्यूएचओ. दहावी आवृत्ती १९९० साली मंजूर झाली, अकरावी १ जानेवारी २०२२ पासून लागू आहे, पण बऱ्याच ठिकाणी रोजचं काम अजून दहावीवरच चालतं म्हणून खालचे कोड बहुतेक तिच्यातलेच आहेत. हॉस्पिटलचं रेकॉर्ड, इन्शुरन्स क्लेम, आजारांची आकडेवारी सगळं याच कोडवर उभं राहतं.

दहावीत बुरशीजन्य आजारांना बी३५ ते बी४९ एवढा पट्टा दिलाय आणि नवीन माणूस इथेच गोंधळतो, कारण हा पट्टा एकाच नियमाने लावलेला नाही. बी३५ म्हणजे नायटा किंवा गजकर्ण, तिथे बघायचं ते शरीरावर कुठे आहे एवढंच: डोक्यात किंवा दाढीत असेल तर बी३५.०, नखात बी३५.१, हातावर बी३५.२, पायाला बी३५.३, अंगावर बी३५.४, जांघेत बी३५.६. बुरशी ट्रायकोफायटॉन आहे की मायक्रोस्पोरम याने कोड बदलत नाही, लॅबने कल्चर करून, म्हणजे नमुन्यातली बुरशी वाढवून, नाव दिलं तरी नाही. आणि बी३७ ला आलं की सगळं उलटं, आधी बुरशी कॅन्डिडा आहे हे ठरलेलं लागतं आणि मग जागा बघायची, तोंडात बी३७.०, त्वचा आणि नख बी३७.२, रक्तात पसरून सेप्सिस (जिवावर बेतणारं इन्फेक्शन) झाला तर बी३७.७. अंगावरच्या शिब्यांना बी३६.० असा वेगळाच कोड आहे.

नखाचं उदाहरण घेतलं की अडचण कळते. जाड, पिवळं, ठिसूळ नख दिसलं की लगेच बी३५.१ टाकायचा मोह होतो, पण तीच बुरशी कॅन्डिडा निघाली तर कोड बी३७.२ होतो आणि नख तसं सोरायसिसनेही होतं किंवा नुसता मार लागूनही होतं, तेव्हा तर बुरशीचा कोडच चालत नाही. नखाचा तुकडा केओएच (पोटॅशियम हायड्रॉक्साइडचं द्रावण) टाकून मायक्रोस्कोपखाली बघितला तर बुरशी आहे का ते कळतं, कोणती आहे ते पक्कं कळायला कल्चर लागतं. कोडरने, म्हणजे कोड लावणाऱ्या माणसाने, मात्र लॅब रिपोर्ट वाचून स्वतः निदान करायचं नसतं, डॉक्टरांनी लिहिलं असेल तेच कोड करायचं आणि शंका असेल तर त्यांनाच विचारायचं. अमेरिकेच्या नियमात तर ओपीडीच्या पेशंटला 'संशयित' किंवा 'बहुधा' असं लिहिलेलं निदान कोड करताच येत नाही, लक्षणाचा कोड द्यावा लागतो, ॲडमिट पेशंटच्या डिस्चार्जला मात्र तेच चालतं.

नुसतं 'फंगल इन्फेक्शन' एवढंच लिहिलं तर कोड येतो बी४९, म्हणजे बुरशी आहे, बाकी काही माहीत नाही. त्वचेची आहे इतकं जरी लिहिलं तरी बी३६.९ पर्यंत येता येतं. माझ्या मते बी४९ फार दिसायला लागला तर कोडरला बोलण्याआधी केसपेपर उघडून बघावेत.

बोलीतल्या नावावरून कोड शोधणं तर धोक्याचंच. 'ब्लॅक फंगस' म्हणून जो म्युकर कोविडच्या काळात सगळ्यांना माहीत झाला त्यातली बुरशी काळी नसते, रक्तपुरवठा तुटून मेलेला भाग काळा पडतो. त्याचा कोड बी४६ मध्ये आहे, फुफ्फुसात बी४६.०, नाकातून डोळ्याकडे आणि मेंदूकडे गेला तर बी४६.१. यादीत 'ब्लॅक' शोधत बसलात तर बी३६.३ हाती लागेल आणि तो निघतो केसांवर काळ्या गाठी येणारा किरकोळ आजार. पेशंटला डायबेटिस असेल तर त्याचा कोड वेगळा जोडायचा, तो बी४६ मध्ये धरलेला नसतो.

काही आजार नुसत्या नावाने फसवतात. मायकोसिस फंगॉइडीस हा त्वचेचा लिम्फोमा म्हणजे एक कॅन्सर आहे, कोड सी८४.०. कोंड्यात मॅलसेझिया बुरशीचा हात असला तरी तो एल२१.० म्हणजे त्वचारोगांत जातो. खरूज ही किड्याची, बी८६. नवजात बाळाला कॅन्डिडा झाला तर पी३७.५ आणि एचआयव्हीमुळे झाला तर डब्ल्यूएचओच्या यादीत बी२०.४. उलटही आहे, ॲक्टिनोमायसेटोमा (बहुधा पायाला गाठी येऊन पू वाहणारा आजार) बॅक्टेरियामुळे होतो तरी दहावीत तो बी४७.१ होऊन बुरशीच्या पट्ट्यात बसलाय, ऱ्हायनोस्पोरिडिओसिसचा (बहुधा नाकात मांसल गाठ वाढवणाऱ्या आजाराचा) जंतू बुरशी नाही हे नंतर कळलं तरी त्याचा बी४८.१ तसाच राहिला.

अकराव्या आवृत्तीत या दोघांनाही बुरशीच्या गटातून बाहेर काढलंय. तिथे नायटा १एफ२८, कॅन्डिडा १एफ२३, म्युकर १एफ२सी आणि मूळ कोडला जास्तीची माहिती दाखवणारे वेगळे कोड जोडायची सोय आहे. त्यामुळे जुना कोड काढून त्या जागी एक नवा टाकला असं सरळ होत नाही, जुनं रेकॉर्ड बदलताना मूळ निदान परत वाचावं लागतं.