मातीला चिकटलेला मॅस्टोडॉन

ग्रीनलंडमध्ये मॅस्टोडॉनचं एकही हाड सापडलेलं नव्हतं. तरी हत्तीचा हा नामशेष नातलग तिथे हिंडत होता, हे डिसेंबर 2022 मध्ये 'नेचर' या विज्ञानपत्रिकेत छापून आलं. एस्के विलेर्स्लेव आणि कुर्ट केअर या शास्त्रज्ञांच्या गटाने उत्तर ग्रीनलंडमधल्या काप कोबेनहाव्न इथल्या सुमारे 20 लाख वर्षं जुन्या गाळातून त्याचा डीएनए मिळवला. सोबत बर्च, पॉपलर, रेनडिअर, ससे!

बातम्यांनी मॅस्टोडॉन उचलून धरला. खरी कमाल मात्र गाळाची आहे.

जीव मेला की त्याच्या डीएनएचा जिवाणूंची विकरं (एन्झाइम्स) फडशा पाडतात. मग हा उरला कसा? डीएनएच्या कण्यातल्या फॉस्फेटवर ऋण भार असतो. चिकणमातीच्या पापुद्र्यांवरही ऋणच. सारखे भार एकमेकांना ढकलतात, हे शाळेत शिकलोय. इथे मध्यस्थी करतो दोन धन भारांचा कॅल्शियम: एका हाताने डीएनए धरतो, दुसऱ्याने माती. असा चिकटलेला तुकडा विकरांच्या सहजी हाती लागत नाही. स्मेक्टाइट जातीची चिकणमाती तर भरपूर डीएनए धरते, पण मग सोडतही नाही; क्वार्ट्झ या वाळूतल्या खनिजाकडून तो सुटा करणं त्यामानाने सोपं.

तरी झीज होतेच. तुकड्यांच्या टोकांशी सायटोसिनचा, म्हणजे डीएनएच्या 'सी' या अक्षराचा, अमिनो गट गळून युरॅसिल बनतो, आणि डीएनए वाचणारं यंत्र तिथे सी ऐवजी टी वाचतं. ही खूण नसेल तर नमुन्यात आजचाच डीएनए मिसळल्याचा संशय घ्यावा.

वय मात्र मुख्यतः भूशास्त्र सांगतं. उघड्यावरच्या क्वार्ट्झमध्ये अवकाशातून येणाऱ्या विश्वकिरणांमुळे ॲल्युमिनियम-26 आणि बेरिलियम-10 हे किरणोत्सारी अणू तयार होतात. कण खोल गाडला गेला की नवी भर जवळजवळ थांबते, आणि ॲल्युमिनियम बेरिलियमच्या जवळपास दुप्पट वेगाने घटतं. म्हणजे दोघांचं गुणोत्तर मोजलं की कण गाडला गेल्याला किती काळ झाला ते कळतं. पृथ्वीचे चुंबकीय ध्रुव अधूनमधून उलटतात, म्हणून थरांत उमटलेल्या चुंबकीय दिशाही जुळवून पाहिल्या जातात.

'आता डायनासोर जिवंत करणार' असे मेसेज फिरवणाऱ्यांनी एवढंच लक्षात घ्यावं: ते 6.6 कोटी वर्षांपूर्वी संपले, आणि इथे 20 लाख वर्षांतच हाती आले ते बारीक तुकडे.

आपली विदर्भ-मराठवाड्यातली काळी माती याच स्मेक्टाइटने भरलेली. पण डीएनए तुटण्याची रासायनिक क्रिया उष्णतेने वेग घेते, आणि काप कोबेनहाव्नला तापमानाची वार्षिक सरासरी उणे 17 अंशांच्या आसपास असते. आपल्याकडे मे महिन्यात पारा 45 गाठतो.